४० लाखांची मर्यादा, आमदारकीचा खरा खर्च आणि वडापावचं दरपत्रक

हिशेबनीस

मंडळी, निवडणुकीतल्या पैशाचा विषय निघाला की गाडी दर वेळी एकाच स्टेशनावर येऊन थांबते: लोकच विकले जातात, पाचशेच्या नोटेसाठी पाच वर्षं गहाण टाकतात, वगैरे. मला दुसऱ्या बाजूने बोलायचं आहे. मी पेशाने कर सल्लागार. आमच्या भागात विधानसभेला उभ्या राहणाऱ्या उमेदवारांचे निवडणूक खर्चाचे हिशेब लिहून देतो. पक्ष विचारू नका, सगळेच येतात.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. अर्ज भरला की उमेदवाराला एक नोंदवही मिळते. पांढऱ्या पानांवर रोजचा खर्च, गुलाबी पानांवर रोकड, पिवळ्या पानांवर बँक. निवडणुकीसाठी वेगळं बँक खातं काढायचं. एका माणसाला १० हजारांच्या वर रोख द्यायचं नाही. प्रचारात किमान तीन वेळा वही खर्च निरीक्षकांसमोर न्यायची आणि निकालानंतर ३० दिवसांत अंतिम हिशेब जिल्हा निवडणूक अधिकाऱ्याकडे जमा करायचा. नाही केला तर आयोग तीन वर्षांसाठी अपात्र ठरवू शकतो.

जिल्हा प्रशासन एक दरपत्रकही काढतं. चहा, वडापाव, मिसळ, पुरीभाजी, शाकाहारी थाळी, मांसाहारी थाळी, खुर्ची, मंडप, फेटा, उपरणं, लहान हार, मोठा हार, ढोलपथक, जीप, ड्रोन. प्रत्येकाला दर. तुमच्या कार्यकर्त्याने हॉटेलात कितीही बिल केलेलं असो, वहीत किमान पत्रकातला दर लागणार. शिवाय प्रशासनाची स्वतःची एक छाया नोंदवही असते. त्यांचं व्हिडिओ पथक सभेला येतं, खुर्च्या मोजतं, गाड्या मोजतं, आणि तपासणीच्या दिवशी दोन वह्या शेजारी ठेवल्या जातात. गेल्या वेळी आमच्या वहीत एका सभेला ५०० खुर्च्या होत्या, त्यांच्या चित्रीकरणात १२०० दिसत होत्या. उमेदवाराचा प्रतिनिधी म्हणाला, "साहेब, निम्म्या रिकाम्याच होत्या." निरीक्षक शांतपणे म्हणाले, "रिकाम्या खुर्चीला मंडपवाला भाडं सोडतो का?" सातशे खुर्च्या वाढवल्या.

गंमत बाजूला ठेवू. विधानसभेला उमेदवाराच्या खर्चाची मर्यादा २०२२ पासून ४० लाख आहे, लोकसभेला ९५ लाख. महाराष्ट्रात २८८ मतदारसंघ आणि साडेनऊ कोटींच्या वर मतदार. म्हणजे एका मतदारसंघात सरासरी सव्वातीन लाखांच्या वर. ४० लाखांना भागून बघा, माणशी १२ रुपये. टपालाने साधं पाकीट पाठवायला ५ रुपये लागतात. दोन पत्रं पाठवली की तुमचा उमेदवार संपला.

आता फक्त मतदानाचा दिवस धरा. एका मतदारसंघात साडेतीनशेच्या आसपास केंद्रं. प्रत्येक ठिकाणी आत पोलिंग एजंट, बाहेर स्लिपा द्यायला टेबल, चार-पाच पोरं, त्यांचा नाश्ता, जेवण, पेट्रोल. कोणालाही पाकीट न देता, अगदी सात्त्विक हिशेबाने केंद्रामागे ३ हजार धरले तरी साडेदहा लाख. एका दिवसात पाव मर्यादा खलास. पंधरा दिवसांचा प्रचार अजून बाकी आहे.

बरं, ही मर्यादा उमेदवाराला. पक्षाच्या एकूण खर्चाला मर्यादाच नाही. बड्या नेत्याचं हेलिकॉप्टर उमेदवाराच्या वहीत येत नाही, कारण मान्यताप्राप्त पक्षाच्या ४० स्टार प्रचारकांचा प्रवास कायद्यानेच वगळलेला आहे. १९७४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कंवरलाल गुप्ता खटल्यात म्हटलं की पक्षाने उमेदवारासाठी त्याच्या संमतीने केलेला खर्चही त्याच्याच नावावर धरा. त्याच वर्षी सरकारने आधी वटहुकूम आणि मग कायदा करून तो निकाल निष्प्रभ केला. २००३ ला दुरुस्ती झाली, पण नेत्यांचा प्रवास आणि पक्षाचा सर्वसाधारण प्रचार बाहेरच राहिला.

तेव्हा माझं म्हणणं असं: हा सगळा बंदोबस्त खुर्च्या मोजतो आणि पैसा कुठून आला ते विचारत नाही. मर्यादा इतकी अवास्तव आहे की सरळमार्गी उमेदवारालाही विधानसभेत पाऊल टाकण्याआधी एक खोटं प्रतिज्ञापत्र करावं लागतं. तुम्हाला काय वाटतं?

तिरकस

म्हणजे आपण खोटे हिशेब लिहिता हे आपण इथे जाहीर सांगताय. छान.

हिशेबनीस

माझ्या टेबलावर आलेली बिलं मी लिहितो. न आलेली कुठून लिहू?

अर्थातच

गोपीनाथराव मुंडे हेच बोलले होते की. जून २०१३, मुंबईतला एक कार्यक्रम. १९८० च्या निवडणुकीत आपल्याला २९ हजार लागले आणि २००९ ला ८ कोटी, असं त्यांनी भर सभेत सांगून टाकलं. २००९ ला लोकसभेची मर्यादा होती २५ लाख. आयोगाची नोटीस आली. पुढच्याच वर्षी ते पुन्हा निवडून आले, केंद्रात मंत्रीही झाले. त्यांच्यावर टीका करण्यासाठी हे लिहीत नाही. उलट एवढ्या वर्षांत खरं बोललेला माणूस म्हणून ते लक्षात राहिले.

दुसरं उदाहरण २००९ चंच, अशोक चव्हाण आणि भोकर. 'अशोक पर्व' नावाची पानंच्या पानं छापून आली. वृत्तपत्रांतल्या जाहिरातींचा दाखवलेला खर्च ५,३७९ रुपये. आयोगाने २०१४ मध्ये हिशेब बरोबर नसल्याचा आदेश काढला, दिल्ली उच्च न्यायालयाने तो दोन महिन्यांत रद्द केला. छापून आलेली बातमी ही विकत घेतलेली जाहिरात होती हे सिद्ध कसं करणार? पावती कोणी देतं का?

आणि मर्यादा ओलांडणं हा 'भ्रष्ट आचार' आहे खरा, पण त्यासाठी निकालापासून ४५ दिवसांत उच्च न्यायालयात याचिका लागते. ती करणार कोण, तर बहुतेक वेळा हरलेला. त्याचीही वही तशीच असते. मग कशाला कोण कोणाच्या वाटेला जातंय!

बांधावरची

मी मोठ्या निवडणुकीचं सांगू शकत नाही, गावचं सांगते. मराठवाड्यातलं आमचं गाव, सरपंचपद महिलांसाठी राखीव. बचत गटातल्या बायकांनी आग्रह केला म्हणून मी उभी राहिले. मालकांचा विरोध नव्हता, पण पहिला प्रश्न त्यांनीच विचारला, "वावर विकायचं नाही ना?"

समोरचं पॅनेल एका गुत्तेदाराचं. उमेदवार त्यांची भावजय, बिचारी कधी बोलायला पुढे आली नाही. त्यांनी पहिल्या आठवड्यात काय केलं, तर मारुतीच्या देवळाला पत्रे टाकून दिले. नंतर तरुण मंडळाला स्पीकर. मग ढाबा सुरू झाला. आठ दिवस गावातले गडी रात्री जेवायला घरी नव्हते. पाकिटं शेवटच्या रात्री आली, घरटी मतं मोजून. आमच्याच गटातल्या एका बाईने मला येऊन सांगितलं, "ताई, घ्यावं लागलं. नाही म्हटलं असतं तर आपण तुमच्याकडच्या आहोत हे उघड झालं असतं, आणि पुढं घरकुलाच्या यादीला नाव आलं नसतं."

हे शहरातल्या लोकांना समजत नाही. पाकीट घेणं हा दर वेळी लोभ नसतो. पाकीट परत करणं म्हणजे गावात वैर घेणं. पाच वर्षं त्याच माणसाच्या सही-शिक्क्यावर जगायचं असतं.

मी पडले. फार मतांनी नाही पडले. म्हणजे पाकीट घेऊनही बऱ्याच जणींनी मत मलाच दिलं असणार, पण मी खर्चच केला नाही म्हणून काही घरांनी मला गंभीर उमेदवार धरलंच नाही. "हिला पडायचंच आहे, मत का वाया घालवा" असं पाठीमागे बोलले. पैसा वाटल्याने मत मिळतंच असं नाही, पण न वाटल्याने तुम्ही शर्यतीत नाही असा अर्थ घेतात.

निवडून आल्यावर त्या गुत्तेदाराने पहिलं काम कोणतं काढलं? सिमेंट रस्ता. पहिल्या पावसात त्याची खडी वर आली.

तिरकस

रस्त्याची जाडी आणि पाकिटाची जाडी यांचं गणित कोणी मांडलं तर पीएचडी मिळेल.

बाकी नेत्यांनीच सांगितलंय, लक्ष्मीला नाही म्हणू नये. गडकरींना २०१४ ला निलंग्याच्या भाषणावरून आणि रावसाहेब दानव्यांना २०१६ ला पैठणच्या भाषणावरून आयोगाच्या नोटिसा आल्या होत्या. सभेतले लोक दोन्हीकडे हसले होते म्हणे.

खडूफळा

प्राथमिक शिक्षक. निवडणुकीची एकही ड्युटी चुकलेली नाही. एकदा स्थिर सर्वेक्षण पथकात होतो. नाक्यावर मंडप, एक दंडाधिकारी दर्जाचा अधिकारी, पोलीस, कॅमेरावाला आणि मी. रात्रभर डिक्क्या उघडायच्या. उमेदवाराच्या किंवा त्याच्या माणसाच्या गाडीत ५० हजारांच्या वर रोकड असली तर जप्ती होऊ शकते, १० लाखांच्या वर असली की आयकर खात्याला फोन.

आमच्या नाक्यावर सापडला कोण? कांद्याचा व्यापारी. बाजार समितीत शेतकऱ्यांना द्यायला निघालेला, कागद अर्धेच जवळ. त्याचे पैसे सुटायला जिल्हा समितीपुढे खेटे घालावे लागले आणि तोवर इकडे शेतकरी त्याच्या दारात. दुसरा एक जण मुलीच्या लग्नाचे दागिने घेऊन निघाला होता. पत्रिका दाखवत होता, रडकुंडीला आला होता.

वाटपाचा पैसा त्या रात्री गाडीतून येतच नाही हो. तो महिनाभर आधी गावात येऊन बसलेला असतो. पतसंस्थेत, खताच्या दुकानात, कोणाच्या तरी कणगीत. ज्याच्याकडे ठेवतात तो माणूस सहसा कोणत्याच पक्षाचा नसतो, म्हणून त्याच्याकडे ठेवतात.

जप्तीचे आकडे मात्र दर वेळी वाढतात. २०२४ च्या लोकसभेला पहिलं मत पडायच्या आधीच देशभरात ४,६५० कोटींचा ऐवज धरल्याचं आयोगाने सांगितलं होतं. २०१९ च्या पूर्ण निवडणुकीत तो ३,४७५ कोटी होता. यात रोख कमी आणि अमली पदार्थ, दारू, वस्तू जास्त, हेही लक्षात घ्या.

सुपारीबाग

महाराष्ट्रवाले ४० लाखांना रडताहेत. आम्ही गोव्यातले. विधानसभेची मर्यादा २८ लाख, मतदारसंघात मतदार सरासरी २९ हजार. म्हणजे माणशी जवळजवळ शंभर रुपये! हिशेबनीसांचं म्हणणं खरं असेल तर गोव्यात उमेदवारांनी खरे हिशेब द्यायला हवेत. देतात असं म्हणायला माझी जीभ रेटत नाही.

आमच्याकडे खरी उलाढाल निकालानंतर. २०१९ च्या जुलैत काँग्रेसचे १० आमदार एकदम भाजपत गेले. २०२२ च्या निवडणुकीआधी उमेदवारांना देवळात, चर्चमध्ये, दर्ग्यात नेऊन निष्ठेच्या शपथा घ्यायला लावल्या. सप्टेंबर उजाडला आणि ११ पैकी ८ गेले. त्यांना कोणी काय दिलं हे मला माहीत नाही, कोणावर आरोपही नाही. एवढंच म्हणतो, की अशा ठिकाणी मतदाराला विकत घेण्यापेक्षा निवडून आलेला माणूस वळवणं सोपं पडतं. २९ हजारांच्या दारात जायचं, की आठांच्या?

तिरकस

५० खोक्यांच्या घोषणा आम्ही विधानभवनाच्या पायऱ्यांवर ऐकल्यात, गोव्याने फार मिरवू नये. (घोषणा होती, सिद्ध काही झालेलं नाही. संपादकांनी धागा उडवू नये म्हणून आधीच लिहितो.)

अर्थातच

बांधावरचीताई, तुमचा प्रतिसाद या धाग्यातला सर्वांत महत्त्वाचा आहे. पण थोडा वाद घालतो.

गावात निदान निवडणूक होते तरी. २०२०-२१ च्या ग्रामपंचायत निवडणुकीत देवळा तालुक्यातल्या उमराणेत सरपंचपदाचा लिलाव झाल्याचं प्रकरण गाजलं. बोली गेली २ कोटी ५ लाखांवर, आणि पैसा देवळाच्या बांधकामाला जाणार होता. नंदुरबार जिल्ह्यातल्या खोंडामळीत ४२ लाख. राज्य निवडणूक आयोगाने दोन्हीकडची निवडणूकच रद्द केली. तेव्हा अनेकांनी लिलावाचं समर्थन केलं होतं, की पाकिटात जाणारा पैसा देवळाच्या कामी आला तर बिघडलं काय? वैर नाही, ढाबा नाही, बिनविरोध. ऐकायला बरं वाटतं. पण मग बांधावरचीताईंनी अर्ज भरायचा कुठे?

म्हणून मर्यादा काढून टाका या मताच्या मी विरोधात आहे. हिशेबनीस तसं थेट म्हणाले नाहीत, पण त्यांचा रोख तिकडे जातोय असं वाटलं.

विलायती पाहुणा

इंग्लंडात राहतो, भारतीय पासपोर्ट आहे, आणि राष्ट्रकुलाचे नागरिक म्हणून आम्हाला इथे मत देता येतं. गेल्या निवडणुकीत एका उमेदवाराची पत्रकं दारोदार टाकली. मोबदला चहा आणि बिस्कीट. (बिस्कीट मागून घ्यावं लागलं.)

इथे दोन वेगळ्या मर्यादा आहेत. उमेदवाराला मतदारसंघापुरती, आणि देशपातळीवर पक्षाला वेगळी. पक्षाची मर्यादा तो जितक्या जागा लढवतो तितक्या पटीत, जागेमागे सुमारे ५४ हजार पौंड. सगळ्या जागा लढवल्या तर ३.४ कोटी पौंडांच्या आसपास. २०२३ पर्यंत ती २ कोटींच्या खाली होती, सरकारने एकदम वाढवली म्हणून टीकाही झाली. शिवाय टीव्हीवर पक्षांना पैसे देऊन जाहिरात करायला बंदी आहे, ठरावीक वेळ फुकट मिळतो. देणगीदारांना उमरावपदं मिळतात अशी बोंब इथेही असतेच, तेव्हा स्वर्ग वगैरे समजू नका. पण पक्षाचा खर्च मोजताच येत नाही, असं मात्र नाही.

हिशेबनीस

अर्थातच, मर्यादा काढा असं मी म्हणत नाही. विलायती पाहुण्यांनी सांगितलं तसं पक्षालाही मर्यादा हवी, आणि उमेदवाराची मर्यादा मतदारसंख्येशी जोडलेली हवी. सुपारीबाग यांचा आकडा बघा. गोव्यात शंभर, इथे बारा, ही कुठली पद्धत?

पण त्याहून महत्त्वाचं, पैसा येतो कुठून. १९६९ ला कंपन्यांच्या देणग्यांवर बंदी आली. बंद झाल्या का? टेबलाखालून आल्या. १९८५ ला पुन्हा परवानगी. २०१३ च्या कंपनी कायद्यात आधीच्या तीन वर्षांच्या सरासरी नफ्याच्या साडेसात टक्क्यांची अट होती. २०१७ ला ती काढली आणि पाठोपाठ निवडणूक रोखे आणले. तोट्यातली कंपनीही कितीही देऊ शकत होती आणि कोणी कोणाला दिलं हे मतदाराला कळायची सोय नव्हती. सर्वोच्च न्यायालयाने १५ फेब्रुवारी २०२४ ला पाच न्यायमूर्तींच्या एकमताने ते सगळं घटनाबाह्य ठरवलं. यादी बाहेर आली तेव्हा सर्वांत मोठा खरेदीदार निघाला लॉटरीवाला, १,३६८ कोटी. दुसरी हैदराबादची बांधकाम कंपनी, ९६६ कोटी. सर्वांत जास्त रोखे वटवले भाजपने, पण बहुतेक मोठ्या पक्षांनी हात धुऊन घेतले. माकपने घेतले नाहीत आणि खटल्यात ते याचिकाकर्तेही होते, हे त्यांचे विरोधक असलेल्यांनीही मान्य करावं.

आमच्या तालुक्याच्या पातळीवर लॉटरीवाला नसतो. तिथे वाळू, क्रशर, मंगल कार्यालय, शिक्षणसंस्था, जमिनीचे व्यवहार. माझ्याकडे येणाऱ्या वहीत 'मित्रांकडून उसने' असा रकाना कायम भरलेला असतो. ते मित्र नंतर कामांच्या निविदांत दिसतात. पाकिटावर एवढं बोलतो आपण, या रकान्यावर कोणी बोलत नाही.

खडूफळा

लोकांनीच पैसे द्यायचे हा उपाय आपल्याकडे करून झालाय. राजू शेट्टी. 'एक नोट, एक वोट' म्हणत शेतकऱ्यांनी वर्गणी काढली, २००९ आणि २०१४ ला हातकणंगल्यातून निवडून दिलं. कारखानदारांच्या पट्ट्यात! दोन वेळा तरी पैशावर मात करता येते हे लोकांनी दाखवलं. नंतर २०१९ आणि २०२४ ला ते हरले, त्याची कारणं वेगळी आहेत, त्यात शिरत नाही. सांगोल्याचे गणपतराव देशमुख ११ वेळा आमदार झाले, तेही पैशावर नव्हे.

तिरकस

दोन नावं. राज्य केवढं?

खडूफळा

शून्य नाहीत ना. शिकवताना मी पोरांना शून्य आणि दोन यांत फरक करायला सांगतो.

अर्थातच

सरकारनेच पैसे द्यावेत हा मुद्दाही येऊ द्या. १९९८ ला इंद्रजित गुप्ता समितीने मान्यताप्राप्त पक्षांना काही मदत सरकारने वस्तुरूपात द्यावी असं सुचवलं होतं. पैशाच्या नव्हे, वस्तूंच्या रूपात. अहवाल आला आणि राहिला. माझी शंका अशी की बूथचा खर्च सरकारने दिला तरी ढाबा थांबणार नाही, तो फक्त वरकड होईल.

बांधावरची

माझी एक विचारणा आहे. आमच्या आमदारांनी निवडणुकीत किती खर्च दाखवला हे मला बघायला मिळेल का? का ते कचेरीतल्यांनाच दिसतं?

हिशेबनीस

मिळेल ताई. निवडणूक संचालन नियमांत तरतूद आहे, १ रुपया शुल्क भरून कोणालाही हिशेब पाहता येतो, आणि ठरलेलं शुल्क भरलं की साक्षांकित प्रती मिळतात. अर्ज जिल्हा निवडणूक अधिकाऱ्यांच्या नावे, जिल्हाधिकारी कार्यालयाच्या निवडणूक शाखेत द्या. मुख्य निवडणूक अधिकाऱ्यांच्या संकेतस्थळावरही बऱ्याचदा टाकलेले असतात, आधी तिथे बघा म्हणजे खेप वाचेल. प्रत मिळाली की पहिली पानं सोडा. देणग्या आणि कर्जाचा तक्ता काढा, नावं लिहून घ्या, आणि तुमच्या तालुक्यात गेल्या दोन वर्षांत कोणाला कोणती कामं मिळाली ती यादी बांधकाम उपविभागातून माहिती अधिकारात मागवा.

बांधावरची

बचत गटाची बैठक सोमवारी आहे. दोघीतिघी सोबत येतील. १ रुपया सुट्टा नेते, नाहीतर तिथे सुट्टे नाहीत म्हणून परत पाठवायचे.